बर्नार्ड ली : मधल्या हुद्द्यावरचा माणूस

तिसरी घंटा

१९६२च्या ‘डॉक्टर नो’पासून १९७९च्या ‘मूनरेकर’पर्यंत ओळीने अकरा बाँडपटांत गुप्तहेर खात्याचा प्रमुख ‘एम’ म्हणून आपण जो चेहरा पाहिला, तो बर्नार्ड ली यांचा. या काळात तीन नट बाँड झाले, दिग्दर्शक बदलले, खलनायक तर दर वेळी नवा. टेबलामागे बसलेला हा वैतागलेला साहेब मात्र तोच राहिला. त्यांचे नाव निघाले की बोलणे याच भूमिकेपाशी सुरू होते आणि तिथेच संपते, आणि हा मला त्यांच्यावर अन्याय वाटतो. ‘एम’च्या दोन-तीन मिनिटांच्या प्रसंगांना जे वजन येते, ते युद्धोत्तर ब्रिटिश चित्रपटाने त्याआधी पंधरा वर्षे त्यांच्याकडून जे काम करून घेतले, त्यातून आलेले आहे, असे माझे म्हणणे आहे. ते नीट मांडता यावे म्हणून हा धागा काढत आहे.

ली यांचा जन्म १० जानेवारी १९०८चा, लंडनच्या पश्चिमेकडील ब्रेंटफर्डचा. वडील एडमंड ली हे नट होते आणि वयाच्या सहाव्या वर्षीच मुलगा वडिलांबरोबर रंगमंचावर उभा राहिला. पुढे रॉयल अकॅडमी ऑफ ड्रामॅटिक आर्टमध्ये शिक्षण झाले, नाटके झाली आणि १९३४मध्ये पहिला चित्रपट झाला. मग युद्ध आले. १९४० ते १९४६ ही वर्षे लष्करात गेली. परतले तेव्हा ते अडतीस वर्षांचे होते. चेहरा रुंद, आवाज जाड, चाल जडसर. नायक होण्याचे वय आणि रूप दोन्ही हातचे गेले होते, पण नेमक्या त्याच वेळी ब्रिटिश चित्रपटाला अशा चेहऱ्यांची मोठी गरज निर्माण झाली होती.

१९४६ साली ब्रिटनमध्ये चित्रपटगृहांची सुमारे १६३ कोटी तिकिटे विकली गेली. त्या देशात हा आकडा पुन्हा कधी गाठला गेला नाही. पडद्यावर काय होते, तर युद्धकथा, गुन्हेकथा, खलाशांच्या आणि पोलिसांच्या कथा. या सर्व कथांत वर उंची इंग्रजी बोलणारे अधिकारी असत, खाली लंडनच्या बोलीत विनोद करणारे शिपाई असत, आणि या दोघांच्या मध्ये कोणीतरी लागे: सार्जंट, इन्स्पेक्टर, मालवाहू जहाजाचा कप्तान, कारखान्यातला मुकादम. वरच्याचा हुकूम घ्यायचा आणि खालच्याकडून काम करवून घ्यायचे, असा हा माणूस. ब्रिटिश समाजातली वर्गांची उतरंड पडद्यावर खरी वाटायची असेल, तर ही मधली पायरी भक्कम असावी लागते, आणि ली यांनी ती पंधरा वर्षे सांभाळली.

कॅरोल रीड यांनी १९४८च्या ‘द फॉलन आयडल’मध्ये त्यांना डिटेक्टिव्ह हार्टची भूमिका दिली आणि पुढच्याच वर्षी ‘द थर्ड मॅन’मध्ये सार्जंट पेन केले. या पेनकडे जरा जवळून पाहावे, अशी विनंती आहे. युद्धानंतरचे व्हिएन्ना. मित्राच्या दफनविधीनंतर होली मार्टिन्स हा अमेरिकन लेखक मद्यालयात दारू पिऊन पेनचा वरिष्ठ मेजर कॅलोवे याच्यावर धावून जातो आणि पेन त्याला एका ठोशात आडवा करतो. त्यानंतरची काही सेकंदे विलक्षण आहेत. ज्या हाताने ठोसा लगावला त्याच हाताने पेन त्याला अदबीने उठवतो आणि आपण त्याच्या काउबॉय कादंबऱ्यांचे वाचक आहोत, हे मनापासून सांगतो. ही पुस्तके केव्हाही हातात घेता येतात आणि केव्हाही खाली ठेवता येतात, म्हणून ती आपल्याला आवडतात, असे त्याचे साधे कारण आहे. यात विनोद आहे, पण ली तो विनोद म्हणून करत नाहीत. मारणे ही नोकरी आहे आणि पुस्तके ही आवड आहे. दोन्ही गोष्टी त्या माणसाच्या एकाच खिशात आहेत आणि त्यांचा एकमेकींशी झगडा नाही. पुढे कॅलोवे त्या मित्राच्या, म्हणजे हॅरी लाइमच्या, काळ्या धंद्याचे पुरावे पडद्यावर दाखवत असतो, तेव्हा पेनच्या हातून चुकून गेंड्याचे चित्र लागते. मुलांच्या मृत्यूपर्यंत जाणाऱ्या या भयंकर हकिगतीच्या मधोमध ही बारीकशी चूक ठेवण्याचे धाडस रीड यांनी केले, कारण ती निभावून नेणारा नट त्यांच्यापाशी होता.

आणि मग भुयारी गटारांतला शेवट. मेलेला समजलेला लाइम जिवंत निघालेला असतो. मार्टिन्सला मागे हटायला सांगत पेन पुढे येतो आणि लाइमच्या गोळीला बळी पडतो. मार्टिन्स त्याचे पिस्तूल उचलतो आणि लाइमच्या मागे जातो. या चित्रपटाविषयी बोलताना ऑर्सन वेल्स, झिथरचे संगीत, तिरके कॅमेराकोन यांचीच चर्चा होते आणि ती रास्तही आहे. पण मार्टिन्स आपल्या मित्रावर पिस्तूल रोखायला कशामुळे तयार होतो, हे पाहावे. रुग्णालयातील मुले पाहून त्याचे मन बदलते हे खरे. परंतु हातात शस्त्र येते ते पेन पडल्यावर. हा सार्जंट प्रेक्षकाला तासाभरात आपला वाटला नसता, तर त्या गटारातल्या प्रसंगाची धार निम्मी झाली असती.

१९५०च्या ‘द ब्लू लॅम्प’विषयी थोडक्यात सांगतो. त्यात जॅक वॉर्नर यांनी केलेला हवालदार जॉर्ज डिक्सन मारला जातो आणि तपास ली यांच्या इन्स्पेक्टर चेरीकडे येतो. भूमिका सरळ आहे, फार काही करण्याजोगे नाही, तरी डिक्सन गेल्यानंतरचा चित्रपट त्यांनी सावरून धरला आहे.

‘द बॅटल ऑफ द रिव्हर प्लेट’ (१९५६) मात्र पाहायलाच हवा. पॉवेल आणि प्रेसबर्गर यांच्या या चित्रपटात ली हे ‘आफ्रिका शेल’ या छोट्या तेलवाहू जहाजाचे कप्तान डव्ह झाले आहेत. डव्ह हे खरे गृहस्थ. नोव्हेंबर १९३९मध्ये जर्मन युद्धनौका ‘ग्राफ श्पे’ने त्यांचे जहाज मोझांबिकच्या किनाऱ्याजवळ बुडवले आणि त्यांना कैद केले. चित्रपटात डव्ह शत्रूच्या नौकेवर पाय ठेवतात ते भांडतच. आपण पोर्तुगीज हद्दीतल्या पाण्यात होतो, तेव्हा हे कृत्य बेकायदा आहे, असा त्यांचा दावा असतो. समोर पीटर फिंच यांनी साकारलेला कॅप्टन लँग्सडॉर्फ शांतपणे ऐकून घेतो. शेकडो खलाशांच्या मध्ये, अंगावरच्या कपड्यांनिशी पकडलेला एक मालवाहू कप्तान कायद्याचा मुद्दा सोडत नाही, आणि ली यांच्या चेहऱ्यावर शौर्याचा आव कणभरही नाही. आहे तो कामात अडथळा आणल्याचा संताप. पुढे या दोन कप्तानांमध्ये आदराचे नाते तयार होते आणि चित्रपटाचा खरा जीव तिथे आहे, तोफांच्या धुरात नाही, असे माझे मत आहे.

ज्यांनी ली यांचे बाँडपूर्व काम पाहिले आहे, त्यांनी अवश्य लिहावे.

दुर्बीण

लेख आवडला. पेनविषयीचे निरीक्षण पटले. पण ‘एम’विषयी मला शंका आहे. फ्लेमिंगच्या कादंबऱ्यांतला ‘एम’ म्हणजे ॲडमिरल सर माइल्स मेसर्व्ही. आरमारातला उच्चपदस्थ, क्लबात जेवणारा, खानदानी माणूस. तुमच्याच म्हणण्याप्रमाणे ली यांची सारी कारकीर्द जर मधल्या पायरीवर गेली, तर त्यांना एकदम सर्वांत वरच्या खुर्चीत बसवणे ही निवडीतली चूक ठरत नाही का? ‘गोल्डफिंगर’मधला ब्रँडीचा प्रसंग आठवून पाहा. बाँड ब्रँडीतल्या खोडी काढू लागतो आणि व्याख्यान देण्याचे काम कर्नल स्मिदर्स यांचे आहे, असे सांगून ‘एम’ त्याला गप्प करतो. त्या मेजावर सर्वांत कमी उमराव वाटतो तो ‘एम’च. १९६७च्या चित्रपटात पाणबुडीवर आरमारी गणवेश चढवल्यावरही मला ते ॲडमिरलपेक्षा बढती मिळालेले जुने खलाशी वाटतात.

तिसरी घंटा

@दुर्बीण, निरीक्षण अचूक आहे, निष्कर्ष मात्र मी उलटा काढतो. खरोखरीचा उमराव त्या खुर्चीत बसवला असता, तर बाँड आणि त्याचा वरिष्ठ हे एकाच क्लबातले दोन सभासद वाटले असते. बाँडला उंची मद्य, शिवलेले सूट, जुगाराची मेजे यांची हौस आहे; ही सारी हौस सरकारी पैशांवर चालते, याची आठवण करून देणारा कोणीतरी समोर हवा, आणि हे काम सार्जंटचे, इन्स्पेक्टरचे काम जन्मभर केलेला नटच करू शकतो.

‘डॉक्टर नो’मधील पहिलाच प्रसंग घ्या. मध्यरात्र उलटून गेली आहे. बाँडचे आवडते बेरेटा पिस्तूल मागच्या कामगिरीत अडकले होते आणि तो सहा महिने रुग्णालयात पडून होता, म्हणून ‘एम’ ते काढून घेतो आणि त्याच्या हाती वॉल्थर देतो. नवे शस्त्र वापरायचे नसेल तर साध्या हेरगिरीच्या कामावर परत जा, असेही सुनावतो. निघताना बाँड जुने पिस्तूल खोक्याखाली लपवून नेऊ पाहतो. ‘एम’ कागदांवरची नजर न हटवता ते ठेवून जायला सांगतो. आवाज चढत नाही, चेहरा बदलत नाही. हाताखालची माणसे काय काय लपवून नेतात, हे वर्षानुवर्षे पाहिलेल्या माणसाची ही सवय आहे. प्रेक्षक १९६२मध्ये हा प्रसंग पाहत होता, तेव्हा त्याने हाच चेहरा पोलीसठाण्यात, जहाजावर, युद्धकैद्यांच्या छावणीत पाहिलेला होता. अधिकार प्रस्थापित करायला पटकथेला एकही वाक्य खर्चावे लागले नाही.

आणखी एक धागा जोडतो. ‘द थर्ड मॅन’च्या वेळी कॅरोल रीड यांचे सहायक दिग्दर्शक होते गाय हॅमिल्टन, ज्यांनी पुढे ‘गोल्डफिंगर’सह चार बाँडपट दिग्दर्शित केले. म्हणजे ज्याने ली यांचा पेन घडताना पाहिला, त्याच माणसाने पुढे चार वेळा त्यांचा ‘एम’ हाताळला. १९७३च्या ‘लिव्ह अँड लेट डाय’मध्ये ‘एम’ भल्या पहाटे बाँडच्या घरी येऊन धडकतो. बाँड एका अवाढव्य यंत्रावर दाणे दळून, वाफ काढून, दूध फेसाळून त्यांना कॉफी करून देतो. कप हातात घेऊन ‘एम’ विचारतो, हे यंत्र एवढेच करते का? नव्या बाँडच्या पहिल्याच चित्रपटात त्याचे पाय जमिनीवर आणण्याचे काम या एका प्रश्नाने होते. गंमत म्हणजे हा प्रश्न ॲडमिरल विचारणार नाही, सार्जंट पेन नक्की विचारील.

रीळ क्रमांक चार

‘एम’च्या वर्षांतच ली यांनी केलेल्या दोन कामांचा उल्लेख राहून गेला आहे. माझ्या मते ती दोन्ही त्यांच्या सर्वोत्तम कामांत मोडतात, कारण दोन्हींत त्यांनी स्वतःच्याच प्रतिमेच्या विरोधात जाऊन दाखवले आहे.

पहिले काम १९६४च्या ‘रिंग ऑफ स्पाइज’मधले. १९६१च्या जानेवारीत लंडनमध्ये पोर्टलंड हेरकांड उघडकीस आले. पाण्याखालील युद्धतंत्रावर संशोधन करणाऱ्या पोर्टलंडच्या आरमारी केंद्रातून कागदपत्रे सोव्हिएत हेरांकडे जात होती, आणि ती पुरवणारा होता हॅरी हॉटन नावाचा कारकून. माजी खलाशी, वॉर्साच्या दूतावासातून दारूबाजीमुळे परत पाठवलेला, पैशाला चटावलेला. त्याच्याबरोबर एथेल गी ही सहकारी होती, आणि दोघांनाही पंधरा वर्षांची शिक्षा झाली. या प्रकरणावरच्या चित्रपटात हॉटनची भूमिका ली यांनी केली, आणि ती मुख्य भूमिका आहे. ‘डॉक्टर नो’ आणि ‘फ्रॉम रशिया विथ लव्ह’ होऊन गेलेले असताना ब्रिटिश गुप्तहेर खात्याचा पडद्यावरचा प्रमुखच देशाची गुपिते विकणारा घामेजलेला कारकून झाला. त्यांनी हॉटनला सैतान केलेले नाही. हुद्दा कमी, पगार कमी, मान नाही, आणि आपल्यावर अन्याय झाला आहे ही समजूत. या सगळ्यातून एक साधारण माणूस थोडा थोडा करत कसा घसरतो, हे दिसते. तिसरी घंटा यांच्या मधल्या पायरीच्या मुद्द्याला हा चित्रपट चांगलाच आधार देतो, कारण हॉटन त्या पायरीवरून खाली ढकलला गेलेला माणूस आहे.

दुसरे काम १९६५च्या ‘द स्पाय हू केम इन फ्रॉम द कोल्ड’मधले, आणि ते अगदीच छोटे. रिचर्ड बर्टन यांच्या लीमसला पूर्व जर्मन हेरखात्यासमोर आपण बरबाद झालो आहोत असे भासवायचे असते, म्हणून तो उधारी नाकारणाऱ्या एका वाण्याला मारहाण करून तुरुंगात जातो. तो वाणी म्हणजे बर्नार्ड ली. त्याच वर्षी ‘थंडरबॉल’ही आला. एकाच वर्षी एका चित्रपटात हेरांचा सर्वोच्च साहेब आणि दुसऱ्या चित्रपटात हेराच्या हातचा मार खाणारा दुकानदार! बाँडच्या चमचमाटाला उत्तर म्हणून काढलेल्या या काळ्यापांढऱ्या चित्रपटात त्यांची निवड योगायोगाने झाली असेल, असे मला वाटत नाही. शिवाय तो वाणी चुकत नाही, हे महत्त्वाचे. उधारी देत नाही म्हणजे तो दुष्ट नव्हे. ली त्याला ताठ, थोडा खडूस, पण आपल्या हिशेबाला पक्का असा माणूस करतात, म्हणूनच त्याला बसलेला मार आपल्यालाही अस्वस्थ करतो.

दुर्बीण

@तिसरी घंटा, कॉफीच्या यंत्रापुढे माझा युक्तिवाद टिकत नाही, हे मान्य आहे. पण ‘ऑन हर मॅजेस्टीज सीक्रेट सर्व्हिस’मध्ये (१९६९) ‘एम’ आपल्या घरी फुलपाखरांचा संग्रह न्याहाळत बसलेला दिसतो, तो प्रसंग मात्र तुमच्या चौकटीत बसत नाही. तिथे जुन्या घरातला सुखवस्तू गृहस्थच दिसतो, आणि तोही त्यांनी सहज केला आहे. म्हणजे ली यांचा आवाका तुम्ही मांडता त्यापेक्षा मोठा असावा.

तिसरी घंटा

ही दुरुस्ती आनंदाने घेतो. रीळ क्रमांक चार यांनी सांगितलेला हॉटनही माझ्या चौकटीच्या काठावरच उभा आहे.

ग्रीनरूम

रंगभूमीच्या बाजूने थोडी भर घालते. आपण त्यांना केवळ पडद्यावरचे नट समजतो, पण १९५०मध्ये लंडनच्या अपोलो नाट्यगृहात लागलेल्या ‘सीगल्स ओव्हर सोरेंटो’ या ह्यू हेस्टिंग्ज यांच्या नाटकात ते होते, आणि त्या नाटकाचे पंधराशेहून अधिक प्रयोग झाले. पुढे १९५४मध्ये त्याचा चित्रपट झाला, त्यातही ते आहेत. ईलिंग, पाइनवुड, शेपर्टन हे स्टुडिओ लंडनमध्ये किंवा लंडनच्या आसपास होते, त्यामुळे दिवसा चित्रीकरण आणि रात्री नाटक, असे दुहेरी काम तिथल्या नटांना शक्य होते. ब्रिटिश चित्रपटांतल्या लहान भूमिका इतक्या भरीव का वाटतात, याचे निम्मे उत्तर या भूगोलात आहे, असे मला वाटते. चार वाक्यांसाठी येणारा नटही रोज रात्री प्रेक्षकांसमोर उभा राहणारा असे. शब्दफेक तयार, उभे राहणे तयार, आणि समोरच्याचे वाक्य ऐकण्याची सवय पक्की. ली यांचे ऐकणे पाहा. दुसरा बोलत असताना ते चेहऱ्याने काहीच करत नाहीत, तरी ते ऐकत आहेत याविषयी शंका राहत नाही. आपल्या नाटकवाल्यांना या गुणाची किंमत वेगळी सांगायला नको.

पायवाट

‘द अँग्री सायलेन्स’चे (१९६०) नाव अजून कसे आले नाही? त्यात ली यांनी बर्ट कॉनोली हा कारखान्यातला कामगार पुढारी केला आहे. बाहेरून आलेल्या एका माणसाच्या चिथावणीवरून संप होतो, टॉम कर्टिस हा कामगार संपात सामील होत नाही, आणि नंतर सगळा कारखाना त्याच्याशी बोलणे टाकतो. टॉमचे काम रिचर्ड ॲटनबरो यांनी केले आहे. हा चित्रपट कामगार संघटनांवर अन्याय करतो, असे मला प्रामाणिकपणे वाटते. संपाला कारण काय आहे, ते पटकथेने जाणूनबुजून पोकळ ठेवले आहे, आणि गर्दी म्हणजे मेंढरे, असाच सूर आहे. पण म्हणूनच ली यांचे काम मोलाचे. पटकथेने कॉनोलीला कुणाच्या तरी हातचे बाहुले करून ठेवले आहे. ली त्याला निष्ठा देतात. एकजूट मोडली तर सगळेच बुडतील, हा त्याचा विश्वास त्यांच्या आवाजात खरा आहे, आणि म्हणून टॉमवर होणारा अन्याय अधिक बोचतो. वाईट माणसाने केलेल्या छळापेक्षा स्वतःला बरोबर समजणाऱ्याने केलेला छळ सोसणे कठीण. पुढच्याच वर्षी ‘व्हिसल डाउन द विंड’मध्ये ते लँकेशरमधले शेतकरी बाप झाले. गोठ्यात लपलेल्या फरारी गुन्हेगाराला येशू समजणाऱ्या मुलांचा हा बाप. तिथे त्यांच्या वाट्याला मोजकेच प्रसंग आहेत, पण दिवसभर राबून घरी आलेला, मुलांच्या मनात काय चालले आहे याचा पत्ता नसलेला बाप त्यांच्या नुसत्या बसण्यातून कळतो.

रीळ क्रमांक चार

@पायवाट, संपाच्या कारणाविषयी सहमत. मात्र तो सगळा दोष दिग्दर्शक गाय ग्रीन किंवा पटकथाकार ब्रायन फोर्ब्ज यांच्या राजकारणाचाच आहे, असे नाही. गोष्ट टॉमच्या घरातून सांगितली आहे आणि त्या घराला संपाची बातमी जेवढी कळते, तेवढीच आपल्याला कळते. यावर आपले एकमत होणार नाही, हे दिसतेच आहे. कॉनोलीच्या बाबतीत झाले, तेवढे पुरे.

दुर्बीण

शेवटच्या काळाविषयी कोणी सांगेल का? १९८१च्या ‘फॉर युअर आइज ओन्ली’मध्ये ‘एम’ दिसत नाही, एवढेच आठवते.

तिसरी घंटा

त्यांची शेवटची वर्षे सुखाची नव्हती. १९७२मध्ये घराला लागलेल्या आगीत त्यांच्या पत्नी ग्लॅडिस यांचे निधन झाले, आणि त्या धक्क्यातून ते बराच काळ सावरले नाहीत. काम मात्र चालू राहिले. १९७४च्या ‘द मॅन विथ द गोल्डन गन’मध्ये हाँगकाँगच्या बंदरात कलंडलेल्या जहाजातल्या तिरक्या कार्यालयात ते जसे काही घडलेच नाही अशा थाटात वावरतात. ‘मूनरेकर’मध्ये व्हेनिसला विषारी वायूचा मुखवटा चढवून संरक्षणमंत्र्यांबरोबर एका दालनात शिरतात आणि सर्वांसमोर तोंडघशी पडतात, तो ओशाळलेपणाही त्यांनी पुरेपूर दाखवला आहे. ते संरक्षणमंत्री झालेले जेफ्री कीन हेही ‘द अँग्री सायलेन्स’मध्ये त्यांच्याबरोबर होते, कारखान्याच्या व्यवस्थापकाच्या भूमिकेत.

‘फॉर युअर आइज ओन्ली’चे काम सुरू असतानाच पोटाच्या कर्करोगाने १६ जानेवारी १९८१ रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. त्र्याहत्तरावा वाढदिवस होऊन सहा दिवस झाले होते. निर्मात्यांनी त्या चित्रपटासाठी दुसरा ‘एम’ नेमला नाही. ‘एम’ रजेवर आहेत असे सांगितले गेले आणि त्यांची वाक्ये कीन यांचे मंत्री आणि खात्याचे मुख्याधिकारी टॅनर यांच्यात वाटून देण्यात आली. टॅनरची भूमिका जेम्स व्हिलियर्स यांनी केली. दोन माणसांत वाटूनही ते प्रसंग विस्कळीत वाटतात. १९८३च्या ‘ऑक्टोपसी’त, म्हणजे उदयपूरला चित्रित झालेल्या आणि कबीर बेदी व विजय अमृतराज असल्यामुळे आपल्याकडे विशेष गाजलेल्या बाँडपटात, त्या खुर्चीवर रॉबर्ट ब्राउन आले. ब्राउन शिस्तीचे आणि नेमके आहेत, पण बेरेटा लपवणाऱ्या बाँडला नजर न उचलता पकडतील, असा विश्वास मला त्यांच्याविषयी कधी वाटला नाही.

ग्रीनरूम

ज्यांना आता नव्याने पाहायचे असेल, त्यांनी आधी ‘द थर्ड मॅन’, मग ‘रिव्हर प्लेट’ आणि त्यानंतर ‘रिंग ऑफ स्पाइज’ पाहावा, असे सुचवते. ‘डॉक्टर नो’ त्यानंतर पुन्हा लावावा. ‘द अँग्री सायलेन्स’वरचा वाद मोठा आहे, पायवाट यांनी त्यासाठी वेगळा धागा काढावा, मी तिथे येईन.